नकार द्या, पण लेखी द्या

ठाण्यात किंवा नवी मुंबईत एखाद्या भूखंडावर दफनभूमीचं आरक्षण आहे असं कळलं की पुढचे चार दिवस काय होणार हे आता सगळ्यांना पाठ झालं आहे. आजूबाजूच्या सोसायट्यांत सह्यांची मोहीम निघते. एक पुढारी निवेदन घेऊन आयुक्तांना भेटतो, दुसरा पुढारी समाजाचं शिष्टमंडळ घेऊन त्याच आयुक्तांना भेटतो. एकीकडून ‘लांगूलचालन’, दुसरीकडून ‘अन्याय’, हे दोन शब्द एकमेकांवर आदळतात आणि पाचव्या दिवशी सगळे घरी जातात. फाइल होती तिथेच राहते. या गदारोळात महापालिकेला विचारायचा खरा प्रश्न कुणी विचारतच नाही: अर्ज कोणत्या तारखेला आला, आज तो कुणाच्या टेबलावर आहे, आणि त्यावर ‘हो’ किंवा ‘नाही’ कधी लिहिणार?

दफनभूमीच्या परवानगीला लागणारा उशीर म्हणजे नुसता ढिसाळ कारभार, असं समजून आपण तो फार स्वस्तात सोडून देतो. माझ्या मते तो एक निर्णय आहे, फक्त त्याच्यावर कुणाची सही नसते. ‘नाही’ लिहिलं तर कारण लिहावं लागतं, आणि कारण लिहिलं की ते उच्च न्यायालयात तपासलं जातं. मग ‘नाही’ लिहायचंच कशाला? ‘संबंधित विभागांचे अभिप्राय मागविले आहेत’ एवढं लिहिलं की काम भागतं. म्हणून दफनभूमी मिळालीच पाहिजे की नाही, या वादाच्या आधी एक गोष्ट मान्य व्हायला हवी. अर्जदाराला ठरलेल्या मुदतीत, कारणासह, सहीनिशी उत्तर मिळालं पाहिजे. नकार द्यायचा असेल तर द्या, पण लेखी द्या.

हा एका धर्माचा प्रश्न आहे ही समजूतही आधी बाजूला ठेवावी लागेल. ठाण्यात बेने इस्रायली, म्हणजे मराठी बोलणारा ज्यू समाज आहे, त्यांचं शार हशमायिम सिनेगॉग १८७९ सालचं आहे आणि हा समाज आपल्या माणसांना दफनच करतो. लिंगायतांत मृताला बसलेल्या स्थितीत समाधी देतात. दशनामी गोसावी आणि नाथपंथी यांच्यातही समाधीची रीत आहे. भटक्या जमातींपैकी कित्येकांत पुरतात. आणि दहन करणाऱ्या घरातलं तान्हं मूल गेलं तर त्यालाही बहुतेक ठिकाणी अग्नी देत नाहीत, पुरतात. ही शेवटची गोष्ट सह्यांच्या कागदावर कधीच येत नाही. ज्या स्मशानभूमीत लहान मुलांसाठी कोपरा राखलेला नाही, तिथे कपड्यात गुंडाळलेलं बाळ हातात घेऊन आलेल्या बापानं जायचं कुठे? तो कोणत्या मतपेढीत मोडतो?

कायद्याला तर धर्म विचारायचाच नाही. महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमातलं कलम ६३ महापालिकेची अनिवार्य कर्तव्यं सांगतं. मृतांच्या विल्हेवाटीसाठी असलेल्या जागांचं नियमन आणि त्यासाठी नव्या जागांची तरतूद हे त्यांतलं एक आहे, पाणीपुरवठा आणि गटारांच्या पंगतीतलं. ऐच्छिक कामांची यादी कलम ६६ मध्ये वेगळी दिलेली आहे, आणि दफनभूमी त्या यादीत ढकललेली नाही. शिवाय आयुक्तांच्या परवानगीशिवाय नवी जागा उघडताच येत नाही. म्हणजे एका हातानं कायद्यानं लोकांना बांधलं आहे आणि दुसऱ्या हातानं महापालिकेलाही. लोकांवरचं बंधन रोज पाळलं जातं. महापालिकेवरचं?

आता फाइल चालते कशी ते पाहू, कारण सगळा घोळ तिथेच आहे. आरक्षण, ताबा, परवानगी आणि नोंदणी या चार वेगळ्या गोष्टी आहेत, आणि वादात त्या सर्रास एकमेकींच्या जागी वापरल्या जातात. विकास आराखड्याच्या नकाशावर एक तुकडा रंगवून त्यावर ‘दफनभूमी’ लिहिलं की आरक्षण झालं. सात-बाऱ्यावर नाव अजून मूळ मालकाचंच असतं. ती जागा घ्यायची तर महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम १२६ नं तीन वाटा दिल्या आहेत: मालकाशी ठरवून रोख मोबदला, रोखीऐवजी टीडीआर (दुसरीकडे वापरता किंवा विकता येणारा बांधकामाचा हक्क) किंवा चटईक्षेत्र, नाहीतर सक्तीचं भूसंपादन. टीडीआरच्या वाटेनं जायचं तर जागा मोकळी, मोजलेली आणि वादमुक्त हवी. मोजणीत हद्द शेजारच्या सर्व्हे नंबरात घुसलेली निघाली की प्रकरण भूमी अभिलेख कार्यालयाकडे परत जातं. वारसांपैकी एका बहिणीची सही नसली की पुन्हा परत. हे सगळं होऊन ताबा पावती झाली, तरी मिळकत पत्रिकेवर महापालिकेचं नाव लावून घेणं बाकी असतं. ते राहून गेलं, आणि ते फार वेळा राहून जातं, तर काही वर्षांनी कागदोपत्री जागा पुन्हा जुन्याच मालकाची दिसते आणि कोर्टकज्जा उभा राहतो.

नवी मुंबईत अडचणीचा आकार निराळा आहे. १९७० मध्ये स्थापन झालेल्या सिडकोकडे इथली जमीन आली. महापालिकेनं १ जानेवारी १९९२ पासून कारभार सुरू केला. भूखंड द्यायचा सिडकोनं आणि दफनभूमी चालवायला परवानगी द्यायची महापालिकेनं. महापालिकेच्या पहिल्या स्वतंत्र विकास आराखड्याचा मसुदा जाहीर झाला २०२२ मध्ये. तीस वर्षं शहर वाढत होतं, ऐरोलीपासून बेलापूरपर्यंत सेक्टर भरत होते, आणि मृतांसाठी कुठे किती जागा लागेल याचा हिशेब महापालिकेच्या स्वतःच्या कागदावर आलेला नव्हता. अशा ठिकाणी अर्ज करणाऱ्याला सिडकोत ‘महापालिकेची मागणी आणा’ आणि महापालिकेत ‘सिडकोचा भूखंड आणा’ असं सांगणं फार सोपं असतं. दोन्ही कार्यालयं आपापल्या जागी बरोबर असतात आणि माणूस मधल्या रस्त्यावर असतो.

ताबा मिळाल्यावरही परवानगी लगेच मिळत नाही. आरोग्य विभाग, नगररचना, मालमत्ता विभाग, झाडं असतील तर वृक्ष प्राधिकरण, खाडीलगत असेल तर कांदळवन कक्ष, शिवाय स्थानिक पोलीस ठाण्याचं मत. यातलं एकही अनावश्यक आहे असं मी म्हणत नाही. चूक आहे ती एकापाठोपाठ एक विचारण्यात. पहिल्याचा अभिप्राय आल्याशिवाय दुसऱ्याला पत्र जात नाही, आणि चौथ्याचा येईपर्यंत पहिल्याचा जुना झालेला असतो. टिपणीच्या कागदावर एक शेरा हमखास दिसतो: ‘चर्चा करावी’. कुणी, कुणाशी, कोणत्या तारखेपर्यंत, काहीच लिहिलेलं नसतं. या दोन शब्दांनी फाइल वर्षभर बसते. तेवढ्यात अधिकाऱ्याची बदली होते, नवा अधिकारी पहिल्या पानापासून वाचायला घेतो आणि एक नवी त्रुटी काढतो. हे सगळे अभिप्राय एका संयुक्त स्थळपाहणीत, एका दिवशी, एका कागदावर घेता येतात. रस्ता रुंदीकरणात घेतातच की.

आणि उशीर तटस्थ नसतो. तो थेट एका बाजूला झुकतो, आणि तेही कायद्याच्या कलमानं. त्याच १९६६ च्या अधिनियमाचं कलम १२७ पाहा. आराखडा अमलात आल्यापासून दहा वर्षांत आरक्षित जागा घेतली नाही, तर मालक नोटीस देऊ शकतो. त्यानंतरच्या चोवीस महिन्यांत संपादनाची पावलं पडली नाहीत, तर आरक्षण संपतं आणि जागा मालकाला विकासासाठी मोकळी होते. ठाण्याचा आराखडा १९९९ मध्ये मंजूर झाला. दहा वर्षांचा काटा २००९ लाच पुरा झाला. त्यानंतर फाइल नुसती पडून राहिली तर तिचा निकाल आपोआप लागतो, आणि तो कधीही दफनभूमीच्या बाजूनं लागत नाही. बाजारासाठी किंवा वाचनालयासाठी ठेवलेली जागा निदान नव्या इमारतीच्या तळमजल्यावर बसवता येते. दफनभूमीवर मजले चढत नाहीत, म्हणून बिल्डरला तिच्यात रस नाही आणि तिच्यासाठी पाठपुरावा करणारा पैसेवाला कुणी नाही. ज्या आरक्षणाचा कुणाला फायदा नाही, त्याला तारखेचं संरक्षण सगळ्यात जास्त लागतं.

किती जागा लागते याबद्दल दोन्ही बाजू तोंडाला येईल ते बोलतात, म्हणून हिशेबच मांडतो. एक एकर म्हणजे ४३,५६० चौरस फूट. कुंपण, आतला रस्ता, पाण्याची टाकी, कार्यालय, नमाज-ए-जनाजाला किंवा प्रार्थनेला उभं राहण्याची जागा, झाडं आणि पावसाळी गटार यांत सुमारे चाळीस टक्के जातात. उरतात साधारण २६,००० चौरस फूट. कबर आतून साडेसहा-सात फूट लांब आणि अडीच-तीन फूट रुंद असते. बाजूची माती धरून आठ बाय चार, म्हणजे बत्तीस चौरस फूट लागतात. एका एकरात आठशेच्या आसपास कबरी बसतात. आता एक लाख लोकवस्तीचा समाज घ्या. वर्षाला हजारी सहा मृत्यू धरले तर सहाशे. वस्ती तरुण असेल आणि हजारी चार धरले तर चारशे. म्हणजे एक एकर सव्वा ते दोन वर्षांत भरतो. कबर पुन्हा वापरायला तीन वर्षं थांबायचं तर सहाशेच्या हिशेबानं १,८०० जागा, सव्वादोन एकर. पाच वर्षं थांबायचं तर ३,००० जागा, पावणेचार एकर. हा आकडा न मांडता ‘अर्धा एकर दिला आहे ना’ असं म्हणणं म्हणजे लाखाच्या वस्तीला एक नळ देऊन पाणीपुरवठा झाला म्हणण्यासारखं आहे.

आणि तीन की पाच हे माती ठरवते. ठाण्यात आणि नवी मुंबईत खाडीलगतची जमीन काळ्या चिकट गाळाची आहे. तिच्यात पाणी मुरत नाही आणि हवा शिरत नाही, त्यामुळे देहाचं विघटन अतिशय हळू होतं. तीन वर्षांनी कबर उघडावी आणि जसंच्या तसं बंद करावं लागावं, असे प्रसंग येतात. कागदावर आठशेची असलेली जागा मग निम्म्यावर येते. शवपेटीतून दफन असेल तर आणखी वर्षं लागतात. म्हणूनच ख्रिस्ती दफनभूम्यांत जुनी हाडं भिंतीतल्या कोनाड्यात ठेवून जागा मोकळी करण्याची पद्धत पडली आहे. पावसाळ्यात तर चार-साडेचार फुटांवर पाणी लागतं. म्हणून जाणते गोरकन, म्हणजे कबर खणणारे, जूनच्या आधीच काही खड्डे काढून वर फळ्या आणि ताडपत्री टाकून ठेवतात. तरीही ऐन वेळी पंप लावून पाणी उपसावं लागतं. भरावाची जागा असेल तर खणताना कडा ढासळतात आणि दोन्ही अंगांना फळ्यांचा आधार देत काम करावं लागतं. बाहेर जनाजा खांद्यावर उभा, आत पंप चालू, आणि माणसं घोटाभर चिखलात. हे दृश्य टाळायचं तर जागा निवडतानाच टाळायला हवं.

पण नकाशावर दफनभूमीसाठी जागा कोणती धरली जाते? बहुधा उरलेली. नाल्याच्या काठची, उच्चदाब वाहिनीखालची, डोंगराच्या उताराची, खाडीच्या तोंडावरची. खाडीकाठच्या एका एकरावर दोन मीटर चांगली माती टाकायची तर सुमारे २,८६० ब्रास लागते (एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट). पाच ब्रासचा डंपर धरला तर पावणेसहाशे खेपा. त्यासाठी तहसील कार्यालयाचा गौण खनिजाचा परवाना आणि स्वामित्वधन. आणि जागा सीआरझेडमध्ये, म्हणजे किनारा नियमन क्षेत्रात, किंवा कांदळवनाजवळ असेल तर भराव टाकताच येत नाही. उच्च न्यायालयाच्या २०१८ च्या निकालानं कांदळवनाभोवती पन्नास मीटरचा पट्टा राखायला सांगितला आहे, आणि योग्यच सांगितलं आहे. म्हणजे आरक्षण आखणाऱ्यानंच अशी जागा दिली की जिला पुढे परवानगी मिळणं शक्य नाही. मग दहा वर्षांनी सांगायचं, ‘पर्यावरणाची अडचण आहे’. ही अडचण आखणीच्या दिवशी दिसत नव्हती का?

विरोध करणाऱ्यांचे काही मुद्दे मात्र खरे आहेत आणि त्यांना उत्तर द्यायला हवं. पहिला मुद्दा जमिनीचा. घोडबंदर पट्टा एका बाजूला येऊरचं जंगल आणि दुसऱ्या बाजूला खाडी यांत चेपलेला आहे. नवी मुंबई पारसिकच्या डोंगररांगेत आणि ठाणे खाडीत. इथे चार एकर म्हणजे एक शाळा आणि एक मैदान. हे नाकारण्यात अर्थ नाही. पण जमीन थोडी आहे हे कारण लवकर ठरवण्याचं आहे, उशिरा ठरवण्याचं नाही, कारण दर वर्षी ती आणखी थोडी होते. १९९० च्या दशकात कासारवडवली-ओवळ्याकडे जी जागा शेताच्या भावानं मिळाली असती, तिथे आज टॉवर आहेत. आणि नवी जागा मिळत नाही म्हणून मृत्यू काही कमी होत नाहीत. ते जुन्याच दफनभूमीवर पडतात. तिथे मग तीन वर्षांची कबर दीड वर्षात उघडावी लागते, आणि ज्यांचं माणूस त्यात आहे त्यांना ते पाहावं लागतं. ‘वक्फची एवढी जमीन आहे, तिथे करा’ असंही म्हणतात. वक्फची जमीन जिथे आहे तिथे आहे. ती घोडबंदरला उचलून आणता येत नाही, आणि वक्फची जमीन आहे म्हणून महापालिकेचं अनिवार्य कर्तव्य ऐच्छिकही होत नाही.

दुसरा मुद्दा पाण्याचा आणि आरोग्याचा. हा गंभीर आहे आणि त्याला उत्तर मोजमापानंच द्यावं. ब्रिटनमध्ये पर्यावरण यंत्रणेचे निकष असे आहेत: पिण्याच्या पाण्याच्या विहिरीपासून २५० मीटर, इतर झरा किंवा ओढ्यापासून ३० मीटर, शेताच्या निचऱ्याच्या चरापासून १० मीटर, आणि कबरीचा तळ भूजल पातळीच्या वर. असे आकडे महापालिकेनं आपल्या मातीप्रमाणे ठरवून जाहीर करावेत. नवी मुंबई पाणी पिते ते प्रामुख्यानं मोरबे धरणाचं, ठाणेही नळाच्या पुरवठ्यावरच आहे. सुती कफनात, लाकडाच्या किंवा बांबूच्या फळ्यांखाली, साडेचार-पाच फुटांवर, कोरड्या जमिनीत केलेल्या दफनानं वर वास येत नाही. वास येतो तो उथळ खड्ड्यामुळे आणि साचलेल्या पाण्यामुळे, म्हणजे वाईट जागेमुळे. भूजल चाचणीसाठी पावसाळ्याआधी आणि पावसाळ्यानंतर एकेक खड्डा घेऊन पाण्याची पातळी नोंदवायची असते. काम दोन दिवसांचं आहे. ज्यांना आरोग्याची काळजी वाटते त्यांनी या चाचणीचा अहवाल मागावा. तो न मागता नुसता विरोध केला तर काळजी दुसऱ्याच कशाची तरी आहे असं लोकांना वाटणारच.

२०२० च्या मार्चअखेर मुंबईत ही परीक्षा झाली आहे. करोनानं गेलेल्या सगळ्यांचं दहनच करावं असं परिपत्रक निघालं आणि काही तासांत ते बदलावं लागलं. वांद्र्याच्या दफनभूमीविरुद्ध आजूबाजूचे रहिवासी उच्च न्यायालयात गेले. मे महिन्यात न्यायालयानं त्यांच्या याचिका फेटाळल्या. मृतदेहातून संसर्ग पसरतो याला शास्त्रीय आधार नाही हे पाहिलं आणि सन्मानानं दफन होणं हा घटनेच्या कलम २१ चा भाग आहे असं सांगितलं. साथीच्या ऐन भीतीत जे टिकलं नाही, ते कारण साध्या दिवसांत कसं टिकेल?

तिसरी भीती उघडपणे बोलली जात नाही, पण असते: उद्या तिथे काहीतरी बांधलं जाईल, हद्द सरकेल, वाद होईल. अशा घटना कुठे घडल्याच नाहीत असं म्हणणं खोटं ठरेल. पण या भीतीवरचा उपाय परवाना हाच आहे. परवान्यात हद्दीचे खांब, भिंतीची उंची, कोणती बांधकामं चालतील त्यांची यादी, दफनाची नोंदवही, तपासणीचा दिवस, सगळं लिहिता येतं आणि मोडलं तर कारवाई करता येते. परवाना अडवला की दफन थांबत नाही, ते विनानोंद होतं. विनानोंद जागेला अटी नसतात, नकाशा नसतो आणि पावतीही नसते. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यानं दफनभूमीच्या चालकावर मृत्यूची खबर देण्याची जबाबदारी टाकली आहे. घरी झालेल्या मृत्यूत नोंदणीच्या वेळी दफनाची पावती मागतात. ती नसली की दाखला अडतो, दाखला अडला की विमा, बँक आणि वारसनोंद अडते. अतिक्रमणाची ज्यांना सगळ्यात जास्त चिंता, त्यांनी परवान्यासाठी सगळ्यात पुढे उभं राहायला हवं.

चौथा मुद्दा मला पटतो. प्रत्येक समाजाला वेगळी दफनभूमी कशाला? खरंच, एका आवारात एक भिंत, एक रस्ता, एक कार्यालय, एक पंपघर ठेवून आत विभाग करता येतात. विभाग लागतील, कारण खड्डेच वेगळे असतात. मुसलमानांची कबर इथे उत्तर-दक्षिण असते, म्हणजे चेहरा किब्ल्याकडे, मक्केच्या दिशेला, पश्चिमेकडे वळवता येतो. लिंगायतांच्या समाधीला बसलेल्या देहासाठी चौरस खड्डा लागतो. लहान मुलांच्या जागा तीन-चार फुटांत होतात. ख्रिस्ती विभागाला कोनाड्यांची भिंत लागते. पाच एकरांच्या एका सार्वजनिक आवारात हे सगळं बसेल, आणि मालकी महापालिकेची राहील. जे ‘सर्वांसाठी एक’ म्हणतात त्यांनी या आराखड्याची मागणी लावून धरावी, मी त्यांच्याबरोबर आहे. पण हा मुद्दा फक्त एखादा अर्ज पाडण्यापुरता काढून नंतर विसरायचा असेल, तर तो मुद्दा राहत नाही.

आपल्याकडे ठराव आणि हक्क यांच्यामधल्या अंतराचा इतिहास मोठा आहे. १९२३ च्या ऑगस्टमध्ये मुंबई विधिमंडळानं रावबहादूर बोले यांचा ठराव मान्य केला आणि सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले झाले. महाडच्या नगरपालिकेनं १९२४ मध्ये त्याला धरून स्वतःचा ठराव केला. कागद पुरा होता. चवदार तळ्यावर जाऊन पाणी पिणं मात्र २० मार्च १९२७ पर्यंत कुणाला शक्य झालं नाही, त्यासाठी डॉ. आंबेडकरांना सत्याग्रह करावा लागला. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये नगरपालिकेनं आपला ठरावच मागे घेतला. उच्च न्यायालयाचा अंतिम निकाल लागला १९३७ मध्ये. ठरावापासून निकालापर्यंत चौदा वर्षं. दोन्ही प्रश्नांची तुलना सरसकट करता येणार नाही, पण यंत्रणेची रीत तीच आहे: तत्त्वतः मान्य, प्रत्यक्षात पुढच्या आदेशापर्यंत. आजही राज्यातल्या अनेक गावांत दलित वस्तीला स्मशानभूमीची नोंद असते आणि तिथवर जायला रस्ता नसतो. पावसाळ्यात नदीतून प्रेत नेल्याच्या बातम्या दर वर्षी येतात. दफनभूमीची फाइल आणि ती स्मशानाची फाइल एकाच कपाटात असते.

कपाट वेळेत उघडलं नाही तर काय होतं ते छत्तीसगडमध्ये दिसलं. जानेवारी २०२५ मध्ये एका ख्रिस्ती माणसाचा मृतदेह गावात दफनाला विरोध झाल्यामुळे शवागारात वीस दिवस पडून राहिला. सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींची मतं वेगळी पडली आणि शेवटी वीस-पंचवीस किलोमीटरवरच्या दफनभूमीत अंत्यविधी झाला. गावात कुणासाठी कुठे दफन करायचं हे आधीच लिहून ठेवलेलं असतं, तर हा विषय दिल्लीपर्यंत गेलाच नसता.

मुदत ठरवणं अशक्य आहे का? इमारतीच्या परवानगीला ती आहेच. नगररचना अधिनियमाच्या कलम ४५ नुसार आराखड्याला आणि नियमांना धरून असलेल्या अर्जावर साठ दिवसांत निर्णय झाला नाही, तर परवानगी मिळाली असं मानलं जातं. राज्य शासनाच्या कार्यालयांना २००५ चा दफ्तर दिरंगाई कायदा लागू आहे, त्यात कोणतीही नस्ती, म्हणजे फाइल, एका टेबलावर साधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांहून जास्त राहू नये असं म्हटलं आहे. चाळीस मजल्यांना साठ दिवस आणि सात फुटांच्या खड्ड्याला मुदतच नाही, याचं समर्थन कोणत्या तत्त्वावर करायचं? मानीव परवानगी दफनभूमीला सरसकट द्या असं मी म्हणणार नाही. भूजलाची चाचणी न होता दफन सुरू व्हावं असं कुणालाच वाटणार नाही. पण मानीव परवानगी नको असेल तर मानीव उत्तर तरी हवं: साठ दिवस उलटले की प्रकरण आपोआप आयुक्तांच्या टेबलावर, आणि पुढच्या तीस दिवसांत त्यांच्या सहीचा आदेश.

‘लोकप्रतिनिधींचा दबाव असतो’ असं खासगीत सांगितलं जातं. नवी मुंबईत मे २०२० पासून आणि ठाण्यात मार्च २०२२ पासून काही वर्षं निवडून आलेलं सभागृहच नव्हतं. महासभेचे आणि स्थायी समितीचे अधिकार प्रशासकांकडे होते. जो ठराव एरवी सभागृहात अडतो तो त्या काळात एका सहीनं होऊ शकत होता. त्या वर्षांत दफनभूमी आणि स्मशानभूमीच्या किती नस्त्या निकाली निघाल्या, हे दोन्ही शहरांच्या नागरिकांनी माहितीच्या अधिकारात विचारावं. उत्तर काहीही आलं तरी ते उपयोगी पडेल.

समाजाच्या संस्थांचीही यात चूक असते, आणि ती सुधारण्यासारखी आहे. निवेदन म्हणजे अर्ज नव्हे. नेत्याच्या लेटरहेडवर दिलेल्या पत्राला आवक क्रमांक पडला तरी त्यावर निर्णय द्यायला कुणी बांधील नसतं. अर्जासोबत सर्व्हे नंबर आणि हिस्सा, सहा महिन्यांच्या आतला सात-बारा किंवा मिळकत पत्रिका, मोजणीचा नकाशा, आराखड्याच्या त्या भागाचा उतारा, पोहोच रस्त्याची रुंदी, दोन हंगामांची भूजल पातळी, पाच वर्षांत झालेल्या दफनांची नोंदवहीवरून काढलेली संख्या आणि पुढच्या वीस वर्षांचा अंदाज एवढं हवं. आरक्षण बदलायचं असेल तर नगररचना अधिनियमाच्या कलम ३७ ची वाट धरावी लागते: महासभेचा ठराव, राजपत्रात आणि वर्तमानपत्रात सूचना, हरकतींसाठी एक महिना, सुनावणी, मग शासनाची मंजुरी. हरकतींच्या त्या महिन्यात समाजातल्या लोकांनी पाठिंब्याची पत्रं द्यायची असतात. बहुतेकांना हे माहीत नसतं, आणि मग फाइलमध्ये फक्त विरोधाची पत्रं उरतात.

महापालिकेला उत्तर ‘नाही’ असंच द्यायचं असेल तर त्या आदेशात चार गोष्टी असाव्यात. कोणत्या नियमामुळे किंवा कोणत्या मोजमापामुळे ही जागा चालत नाही. तिच्याऐवजी कोणता सर्व्हे नंबर सुचवला आहे आणि तो किती एकर आहे. पर्यायी जागा ताब्यात येईपर्यंत जवळची कोणती दफनभूमी खुली राहील आणि तिथे पावसाळ्यापूर्वी किती खड्डे तयार ठेवले जातील. आणि खाली अधिकाऱ्याचं नाव, हुद्दा, सही, तारीख.